तू कोना माणूस शे?

पत्र मोठं होतं. ओळख पटेल असे तपशील काढून मुद्द्यापुरतं इथे देते.

"ताई, नमस्कार. माझं वय बेचाळीस. गाव अमळनेर तालुक्यातलं, सध्या मुक्काम जळगावला. पुण्यात चौदा वर्षं एका पीआर एजन्सीत होतो. बिल्डर, दवाखाने, एक शिक्षणसंस्था, आणि दोन निवडणुकांत आपल्याच भागातल्या एका नेत्याचं काम केलं. वडिलांना अर्धांगवायूचा झटका आला म्हणून दीड वर्षापूर्वी सगळं आवरून परत आलो. इथे आल्यावर राजकारणावर पॉडकास्ट सुरू केला. दर शनिवारी एक भाग, मराठी आणि अहिराणी मिसळून. लोकांना आवडतोय, बाजारात थांबवून बोलतात. मागच्या महिन्यात कोणीतरी माझा जुना फोटो फिरवला. त्या नेत्याच्या सभेत स्टेजमागे उभा आहे, हातात भाषणाचे कागद. खाली एकच प्रश्न: 'भाऊ, तू कोना माणूस शे?' म्हणजे तू कोणाचा माणूस आहेस? मी उत्तर दिलं नाही, कमेंट बंद केल्या. आता त्याच नेत्याच्या पीएचा फोन आलाय. निवडणूक तोंडावर आहे. तीन महिने पॉडकास्ट प्रायोजित करतो म्हणाले. बिल त्यांच्या शिक्षणसंस्थेच्या नावानं, 'डिजिटल ब्रँडिंग' म्हणून द्यायचं. मधे एकदा साहेबांशी मनमोकळ्या गप्पा करायच्या, प्रश्न आधी पाठवायचे. रक्कम माझ्या पुण्याच्या पगाराच्या तोडीची आहे. बायको म्हणते घ्या, मुलांच्या फिया भरायच्यात. पुण्यात हेच करत होतात ना? वडील जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेले शिक्षक. ते म्हणतात, बंद कर हा उद्योग, गावात तोंड दाखवायचंय आपल्याला. जुन्या कामाबद्दल खुलेपणानं बोलायचं, तर एजन्सीशी गोपनीयतेचा करार आहे. मी निष्पक्ष आहे हे लोकांना कसं पटवू?"

भाऊ,

शेवटचा प्रश्न आधी घेते, कारण बाकीचा गुंता त्याच्यातूनच झालाय. निष्पक्ष आहात हे कोणालाही पटवायला जाऊ नका. तुम्ही तसे नाही आहात, आणि असावं अशी कोणाची मागणीही दिसत नाही. आपल्याकडे राजकारणावर बोलणारा माणूस कुठल्या ना कुठल्या गटाचा, संस्थेचा, निदान सोयऱ्याधायऱ्यांचा असतोच. पाचोऱ्याच्या टपरीवर बसलेला म्हाताराही आधी समोरच्याचं गाव, आडनाव आणि मामाचं गाव विचारून घेतो, मग त्याच्या बोलण्यातलं किती धरायचं नि किती सोडायचं ते ठरवतो. तुम्हाला आलेला प्रश्न त्या टपरीवरचाच आहे. तो तुम्हाला शिवीसारखा लागला, कारण पुण्यात चौदा वर्षांत तो कोणी तोंडावर विचारला नसावा. विचारणाऱ्याला फक्त वजाबाकी करायची होती. तुम्ही कमेंट बंद केल्यात आणि त्यानं तुमचं सगळंच बोलणं वजा धरलं.

तुमच्या वाटेनं गेलेली माणसं जगात थोडी नाहीत. अॅलिस्टर कॅम्पबेल हे ब्रिटनचे तेव्हाचे पंतप्रधान टोनी ब्लेअर यांचे प्रवक्ते आणि प्रसिद्धीप्रमुख होते. इराक युद्धाच्या काळात सरकारची बाजू रेटण्यावरून ते पुरते वादात सापडले होते. २०२२ च्या मार्चमध्ये त्यांनी रोरी स्टुअर्ट या माजी कॉन्झर्व्हेटिव्ह मंत्र्यासोबत 'द रेस्ट इज पॉलिटिक्स' हा पॉडकास्ट सुरू केला. अमेरिकेत 'पॉड सेव्ह अमेरिका' २०१७ मध्ये काढला तो ओबामांच्या व्हाइट हाउसमध्ये काम केलेल्या माणसांनी. या दोन्ही ठिकाणी श्रोता बसतो तोच मुळी हे माहीत असताना की बोलणारा कुठून आलाय. कॅम्पबेल यांना आजही इराकवरून ऐकून घ्यावं लागतं, आणि त्यांचा कार्यक्रम तरीही ऐकला जातो. त्यांचं सगळं पटतं असं मला म्हणायचं नाही. मला तर बऱ्याचदा ते जुनीच बाजू नव्या आवाजात मांडताना ऐकू येतात. पण मला तसं ऐकू येऊ शकतं, कारण त्यांची बाजू मला ठाऊक आहे. तुमच्या श्रोत्याला ती सोय तुम्ही दिलेली नाही.

आणि हे काही तुमच्या धंद्याच्या रीतीबाहेरचंही नाही. आयव्ही ली हे नाव तुम्ही प्रशिक्षणाच्या पहिल्याच दिवशी ऐकलं असेल. आधी वार्ताहर, मग खाणमालकांचा प्रसिद्धीवाला. १९०६ साली कोळसा खाणींच्या संपाच्या वेळी त्यानं संपादकांना एक निवेदन पाठवलं होतं. आमचं काम उघड चालतं, आम्ही कोणाच्या वतीनं बोलतो ते लपवत नाही, तपशील हवा असेल तर विचारा, असा त्याचा आशय. पुढे १९१४ मध्ये अमेरिकेतल्या लडलोच्या खाण कामगारांवर गोळ्या चालल्यानंतर खाणमालक रॉकफेलरांची बाजू सावरायला हाच ली गेला आणि त्याचं नाव जे खराब झालं ते झालंच. तरी ते पहिलं निवेदन वाचण्यासारखं आहे. धंद्याच्या जन्मपत्रिकेतच 'कोणाच्या वतीनं ते सांगू' असं लिहिलेलं आहे.

तेव्हा एक शनिवार काढा आणि सांगून टाका. पाहुणा नको, संगीत नको, वीस मिनिटं पुरे. पुण्यात कुठल्या प्रकारचं काम केलं, कुठल्या दोन निवडणुकांत कोणासाठी, नेमकं काय केलं: भाषणं लिहिली, की पत्रकारांना फोन केले, की व्हॉट्सअॅप ग्रुप चालवले. काम कधी संपलं. आज त्यांच्याकडून किंवा त्यांच्या कुठल्या संस्थेकडून एक रुपया येतो की नाही. सोयरीक असेल तर तीही, कारण ती तुम्ही नाही सांगितलीत तर गाव सांगणारच आहे. मत कोणाला देता ते सांगायची गरज नाही.

सूर मात्र सांभाळा. पीआर सोडून आलेल्या माणसाला पश्चात्तापाचा मोह फार होतो. 'मी त्या मायाजालातून बाहेर पडलो' वगैरे. पहिल्यांदा ऐकायला बरं वाटतं, दुसऱ्या वेळी लोकांना त्यात नवी जाहिरात दिसते. तुम्ही पगार घेऊन एक कायदेशीर काम केलंत आणि बहुधा चांगलं केलंत. तसंच सांगा. दुसरा मोह याच्या उलट, म्हणजे स्वतंत्र आहोत हे दाखवायला जुन्या नेत्यालाच सगळ्यांत जास्त झोडायचं. हे मी बऱ्याच जणांना करताना पाहिलंय, आणि त्यात ऐकणाऱ्याची फसवणूकच होते. विषयाला जेवढं माप हवं तेवढं न देता तुम्ही स्वतःच्या प्रतिमेला देता. त्या नेत्याचा विषय निघेल तेव्हा भागाच्या सुरुवातीला एक वाक्य म्हणा, 'यांचं काम मी अमुक साली केलंय', आणि मग जे बोलायचं ते बोला. दर वेळी म्हणा. जुन्या श्रोत्यांना कंटाळा येईल, येऊ द्या; दर शनिवारी कोणीतरी नवा माणूस ऐकत असतो.

गोपनीयतेच्या कराराचं भूत तुम्ही जरा मोठं केलंय असं वाटतं. असे करार बहुतेक वेळा माहितीबद्दल असतात: सर्वेक्षणाचे आकडे, बजेट, अंतर्गत चर्चा, डावपेच. तुम्ही एखाद्याचं काम केलं ही गोष्टही गोपनीय धरलीय का, ते कराराचा कागद काढून बघा. तुमच्या बाबतीत फोटोच फिरतोय, म्हणजे ती गोष्ट गुपित राहिलेलीच नाही. तरीही जळगाव कोर्टातल्या एखाद्या वकिलाला फी देऊन तो कागद एकदा दाखवा, आणि तुम्ही काय बोलणार ते लिहून सोबत न्या. बाकी आतली गुपितं करारात असोत नसोत, सांगू नका. लोक आग्रह करतील, मजाही येईल, एक भाग तुफान चालेल. पुढच्या वेळी तुमच्यासमोर माइक बंद करून काही सांगायला कोणी बसणार नाही.

आता ज्या गोष्टीबद्दल तुम्ही पत्रात एक ओळही लिहिलेली नाही, तिच्याकडे येते. मला वाटतं तुमची खरी कमाई तिथे आहे.

आपल्याकडे राजकारणावर बोलणाऱ्यांची कमतरता नाही. कोण कोणाला पाडणार, कोण कुठल्या गटातून कुठे जाणार, तिकीट कोणाला, हे जामनेरपासून नवापूरपर्यंत प्रत्येक जण सांगतो. पण बातमी तयार कशी होते हे आतून पाहिलेला आणि माइकसमोर बसायला तयार असलेला माणूस मला तरी दुसरा माहीत नाही. मी जिल्ह्याच्या वर्तमानपत्रात डेस्कवर बराच काळ काढलाय, म्हणजे तुमच्यासारख्यांनी पाठवलेलं जिथे येऊन पडतं त्या बाजूला. संध्याकाळी सहानंतर प्रेसनोटांचा पाऊस सुरू व्हायचा. कार्यक्रम दुपारी चारचा असला तरी 'उत्स्फूर्त प्रतिसाद' असलेली नोट साडेतीनलाच आलेली असायची. फोटोत कोण कुठे उभं आहे त्यावर रात्री अकरापर्यंत फोन. तालुक्याच्या वार्ताहराला मानधन नावापुरतं, त्याचं घर चालतं जाहिरातीच्या कमिशनवर, आणि जाहिरात देणारा तोच ज्याची बातमी लिहायची. नेत्याच्या वाढदिवसाची पुरवणी हा तर सणच. शुभेच्छुकांच्या यादीत पतपेढी, दूध संघ, बाजार समितीचे संचालक, ठेकेदार ओळीनं. त्या पानांवर पैसे कोण भरतं आणि पुढच्या वर्षभरात त्याच्याबद्दल काय छापून येत नाही, ही साखळी एकदा कोणीतरी सावकाश, नावं न घेता, समजावून सांगायला हवी. २००९ च्या निवडणुकांनंतर पेड न्यूजचा, म्हणजे पैसे घेऊन छापलेल्या बातम्यांचा, बोभाटा झाला, २०१० मध्ये प्रेस कौन्सिलचा अहवाल आला, निवडणूक आयोगानं जिल्ह्याजिल्ह्यांत माध्यम देखरेख समित्या बसवल्या. 'पॅकेज' हा शब्द मात्र गेला नाही.

किंवा घोषणा घ्या. सिंचनाच्या एका कामावर किती वेळा 'ऐतिहासिक निर्णय' छापता येतो हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. तत्त्वतः मान्यतेची एक बातमी. प्रशासकीय मान्यतेची दुसरी. रक्कम वाढली की सुप्रमा, म्हणजे सुधारित प्रशासकीय मान्यता, तिची तिसरी. निविदेची, कार्यारंभ आदेशाची, भूमिपूजनाची वेगवेगळी. प्रत्येक वेळी पेढे, प्रत्येक वेळी बॅनर, आणि शेतकऱ्याच्या बांधापर्यंत पाणी आलेलं नाही. गिरणेवरचे बलून बंधारे, म्हणजे हवा भरून फुगवायचे रबरी बंधारे, किती निवडणुकांच्या भाषणांतून वाहून गेले ते आठवा. पाडळसऱ्याचं धरण तुमच्याच तालुक्यातलं. तापी खोऱ्याच्या महापुनर्भरण योजनेचा महाराष्ट्र आणि मध्य प्रदेशातला करार १० मे २०२५ रोजी भोपाळला झाला. त्या दिवशीच्या बातम्या काढा, करारात काय ठरलं आणि मथळ्यात काय ठरवलं गेलं ते शेजारी शेजारी ठेवा. मनमाड-इंदूर रेल्वे ही धुळेकरांच्या दोन पिढ्यांनी ऐकलेली गोष्ट. केंद्रीय मंत्रिमंडळानं तिला २ सप्टेंबर २०२४ रोजी मंजुरी दिली, ३०९ किलोमीटर, १८,०३६ कोटी रुपये. ही खरी मंजुरी होती. पण त्याआधी ती किती वेळा 'मंजूर' झाली होती, आणि प्रत्येक वेळी नेमका कुठला कागद हलला होता, यावर एक भाग करा. धुळ्यातला रिक्षावालाही ऐकेल.

हे सांगताना कोणाला शिव्या द्याव्या लागत नाहीत, पक्ष घ्यावा लागत नाही. पुढच्या वेळी पेपरात 'तत्त्वतः मान्यता' वाचलं की रावेरचा केळीवाला शेजाऱ्याला म्हणाला पाहिजे, अजून चार पायऱ्या आहेत. हे करू शकणारे तुम्ही एकटे आहात, आणि ज्या भूतकाळामुळे तुम्ही कमेंट बंद केल्यात त्याच भूतकाळामुळे करू शकता.

इथे थोडं कडू बोलते. तुमचे चार भाग मी ऐकले. आवाज चांगला, अहिराणी कानाला गोड, गोष्ट रंगवता छान. पण आकडा आला की तुम्ही निसटता. 'मतदारांमध्ये नाराजी होती', 'हवा फिरली', 'मेसेज चुकीचा गेला'. हे क्लायंटला सांगायचं बोलणं आहे. त्याला कारण हवं असतं आणि ते पुढच्या कंत्राटाला उपयोगी पडेल असं हवं असतं. धुळे लोकसभेचा २०२४ चा निकाल तुम्ही 'वातावरण' या एका शब्दात गुंडाळलात. काँग्रेसच्या शोभा बच्छाव ३,८३१ मतांनी निवडून आल्या. सहापैकी पाच विधानसभा क्षेत्रांत भाजपचे सुभाष भामरे पुढे होते आणि एकट्या मालेगाव मध्यच्या आघाडीनं निकाल फिरला. त्याच आकड्यांवरून पुढे 'व्होट जिहाद' म्हणत राज्यभर किती आणि कसलं राजकारण झालं ते तुम्हाला माहीत आहे. अशा निकालावर 'वातावरण' म्हणणं म्हणजे ज्याला जे ऐकायचंय ते त्याला ऐकू देणं. फॉर्म २० मध्ये केंद्रनिहाय मतं असतात, ती काढून बसा. कुठल्या गावात कोण घसरलं, किती जण मतदानालाच आले नाहीत, मागच्या वेळी तिथे काय होतं. उमेदवाराचं शपथपत्र, म्हणजे फॉर्म २६, मिळतं. जिल्हा परिषदेच्या सर्वसाधारण सभेची इतिवृत्तं माहिती अधिकारात मागता येतात. तापी पाटबंधारे महामंडळाचं मुख्यालय तर जळगावातच आहे, सायकलवर जाता येईल. चौदा वर्षं तुम्ही लोकांना पटणारी गोष्ट शोधलीत. आता न पटणारी असली तरी कागदावर असलेली शोधायची आहे. ही सवय लागायला वेळ लागेल आणि त्या काळात भाग कमी चालतील.

एक खबरदारी. तुमच्याजवळ आता कायदा विभागही नाही आणि डेस्कवर बसून ओळ कापणारी माझ्यासारखी बाईही नाही. बदनामीचं कलम भारतीय न्याय संहितेत ३५६ आहे, शिक्षा दोन वर्षांपर्यंत होऊ शकते. 'लोक म्हणतात' असं पुढे लावून कोणाच्या भ्रष्टाचाराबद्दल बोललं तर ते ढाल म्हणून चालत नाही. गप्पांच्या ओघात अहिराणीत सुटलेलं वाक्यही वाक्यच असतं.

आता पीएचा फोन.

वहिनींनी, म्हणजे तुमच्या बायकोनं, विचारलेला प्रश्न मला पत्रातला सगळ्यांत धारदार प्रश्न वाटला. पुण्यात हेच करत होतात ना? तिला 'तुला नाही कळायचं' असं म्हणू नका; म्हणाला असाल तर सावरा. तिला जे उत्तर द्यायचं ते असं: पुण्यात मी नोट पाठवायचो तेव्हा घेणाऱ्या पत्रकाराला माहीत असायचं की ही क्लायंटची नोट आहे. त्यानं छापायची की टोपलीत टाकायची ते त्याचं. एजन्सीचं नाव ईमेलखाली असायचं. इथे मी शनिवारी बोलतो तेव्हा समोरच्याला वाटतं हे माझं मत आहे. पैसे साहेबांचे, बिल संस्थेचं, तोंड माझं आणि कान तालुक्याचे. यातली कुठलीही गोष्ट मी माइकवर म्हणू शकत नाही, म्हणून काम तेच नाही.

आणि बिल संस्थेच्या नावानं का, याचा विचार तुम्ही केला नसेल असं मी मानत नाही. उमेदवाराच्या खर्चाला मर्यादा असते. विधानसभेला ती २०२२ पासून ४० लाख आहे, लोकसभेला ९५ लाख. स्थानिक निवडणुकांना राज्य निवडणूक आयोग ठरवतो. समाजमाध्यमांवरचा प्रचारखर्चही हिशेबात दाखवावा लागतो, हे केंद्रीय आयोगानं २०१३ मध्येच सांगितलंय. शिक्षणसंस्थेच्या ट्रस्टमधून 'डिजिटल ब्रँडिंग' म्हणून निघालेला पैसा त्या हिशेबात येत नाही. उद्या विरोधकानं तक्रार केली, तर साहेब म्हणतील आम्हाला कल्पना नाही, संस्था म्हणेल आम्ही प्रवेशाची जाहिरात दिली होती, आणि भाग तर तुमच्या चॅनलवर, तुमच्या आवाजात. उमेदवाराच्या लेखी परवानगीशिवाय त्याच्या प्रचारावर खर्च करणं हाही गुन्हा आहे, न्याय संहितेचं कलम १७६. पीए हे सगळं जाणून असतात. तुम्हीही पूर्वी त्यांच्याच खोलीत बसून हे जाणत होतात.

तेव्हा हे घेऊ नका. उघडपणे 'प्रायोजक अमुक साहेब' असं सांगून घ्यावं का, असं विचाराल. माझं उत्तर: नाही. निवडणुकीच्या तीन महिन्यांत राजकारणावर बोलणाऱ्यानं उमेदवाराचे पैसे घेऊच नयेत, पाटी लावूनसुद्धा. मुलाखत मात्र जरूर घ्या, फुकट, आणि समोरच्या उमेदवारालाही बोलवा. विषय आधी सांगा, प्रश्न नाही. काटछाट करून दाखवायची अट मान्य नाही हे आधीच सांगा. ते कदाचित येणार नाहीत. 'बोलावलं होतं, आले नाहीत' एवढं म्हणून पुढे जा. रिकामी खुर्ची दाखवण्याची नाटकं नकोत.

फियांचं काय? हा प्रश्न भाषणानं सुटत नाही. पीआर पूर्ण सोडलाच पाहिजे असं मला वाटत नाही. जळगावात ठिबकवाले आहेत, पाइपवाले, डाळमिलवाले, चटईवाले, सराफ बाजार आहे, केळी बाहेर पाठवणारे आहेत. यांतल्या कितीतरी जणांना धड इंग्रजी-हिंदी माहितीपत्रक करून देणारा, प्रदर्शनात नीट मांडणी करून देणारा माणूस मिळत नाही. ते काम घ्या, पुण्याच्या निम्म्या दरानं का होईना. फक्त खानदेशातली एक अडचण ध्यानात ठेवा. इथली शिक्षणसंस्था, पतपेढी, सूतगिरणी, दूध संघ यांच्या पाटीमागे बहुतेक वेळा कोणीतरी भाऊ, दादा, आप्पा असतात. काम घेण्याआधी संचालक मंडळाची यादी वाचा. यादीत राजकारणी असला की नको म्हणा, आणि जे घेता त्याची नावं वर्षातून एकदा पॉडकास्टवर वाचून दाखवा. प्रायोजकही याच रांगेतला बघा; भांड्यांचं दुकान, बियाण्यांचा दुकानदार. पैसे थोडे येतील. घरी बसून बायकोसोबत एक मुदत ठरवा, की अमुक शाळेच्या वर्षापर्यंत पॉडकास्ट आणि हे काम मिळून घर चाललं नाही, तर शनिवार महिन्यातून एकदा करायचा आणि बाकी दिवस नोकरी. ती मुदत तिनं ठरवलेली असू दे.

वडिलांबद्दल. मास्तरांची भीती खोटी नाही. पुण्यात क्लायंट रागावला तर खातं जातं. इथे नेता रागावला तर चुलतभावाची बदली, पुतण्याचं शिक्षकाचं काम, विहिरीचं अनुदान, कशावरही निघतं. लग्नाच्या पंगतीत शेजारी बसावं लागतं. पण ते 'बंद कर' म्हणताना पॉडकास्टला म्हणतायत की लपवाछपवीला, हे त्यांना विचारलंत का? माझा अंदाज आहे की त्यांना फोटो बोचलाय. गावात कोणीतरी त्यांना 'मास्तर, पोरगा कोणाकडे आहे हो?' विचारलं असेल आणि त्यांच्याकडे उत्तर नसेल. ज्या गावात आयुष्यभर हजेरी घेतली तिथे असं निरुत्तर व्हायला कोणालाही आवडत नाही. तो खुलाशाचा भाग प्रसारित करण्याआधी त्यांना ऐकवा. बोलायला त्रास होत असेल तर नुसतं ऐकू द्या. त्यांनी एखादं वाक्य काढायला सांगितलं तर काढा, एखादं घालायला सांगितलं तर नक्की घाला.

मग कमेंट उघडा. त्या जुन्या प्रश्नाखाली त्या भागाची लिंक द्या आणि गप्प बसा. पहिले आठ-दहा दिवस शिव्या येतील, त्यांतल्या काही साहेबांच्या आयटी सेलमधून येतील, आणि त्या कोणी लिहिल्यात हे भाषेवरून तुम्ही ओळखाल, कारण कदाचित तसला मजकूर तुम्हीच कधीतरी बसवून दिला असेल. उत्तरं देऊ नका.

पीएला फोन करू नका, लेखी पाठवा. वाटल्यास हेच पाठवा: "नमस्कार. प्रायोजकत्वाबद्दल आभार, पण निवडणूक काळात कुठल्याही उमेदवाराकडून किंवा संबंधित संस्थेकडून मी पैसे घेणार नाही. साहेबांची मुलाखत घ्यायला आवडेल. विषय: पाणी, केळी पीकविमा, जिल्हा परिषदेच्या शाळा. प्रश्न आधी देता येणार नाहीत, संपादन माझ्याकडे राहील. साहेबांचं काम मी पूर्वी केलंय हे सुरुवातीला सांगेन. समोरच्या उमेदवारालाही हेच निमंत्रण देतोय. तारीख कळवावी."

पाठवलं की त्याचा स्क्रीनशॉट कुठे टाकू नका, आणि त्यांचा नंबरही ब्लॉक करू नका. निवडून आले तर सहा महिन्यांनी त्यांना पाण्याबद्दल पुन्हा विचारायचंय.